लावलेली कुस्ती : सावेदादांच्या हरवलेल्या चित्रफितींविषयी

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांचे नाव आपल्या चित्रपटविषयक लेखनात हमखास येते, पण बहुधा एका परिच्छेदापुरतेच. १८९९ मध्ये त्यांनी मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती चित्रित केली, एवढे सांगून लेखक दादासाहेब फाळक्यांकडे वळतो. जणू माहितीपट म्हणजे कथापटाच्या जिन्याची पहिली पायरी. वर पोहोचल्यावर तिची आठवण कशाला! मला ही मांडणी मान्य नाही. तो जिना वेगळाच होता.

सावेदादा व्यवसायाने छायाचित्रकार. ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात ल्यूमिए बंधूंच्या चित्रफिती दाखवल्या गेल्या आणि मुंबईला हलत्या चित्रांचे वेड लागले. सावेदादांनी लंडनहून २१ गिनींना कॅमेरा मागवला. कुस्तीची फीत धुण्यासाठी पुन्हा लंडनलाच पाठवावी लागली. म्हणजे आपण काय टिपले, हे टिपणाऱ्यालाही कित्येक आठवडे ठाऊक नव्हते.

ही कुस्ती चित्रीकरणासाठी मुद्दाम ठरवली होती, असे सांगितले जाते. मग तिला माहितीपट म्हणावे का, अशी शंका काही जण काढतात. आर्णी परिसरातल्या दंगली पाहत वाढलेल्या माझ्यासारख्याला ही शंका बिनबुडाची वाटते. कुस्ती ही ‘लावावी’च लागते. कोणीतरी जोड ठरवतो, इनाम बोलतो, हलगी वाजते. तरीही मल्लांचे हात एकदा भिडले की पुढचे कोणाच्या हातात नसते. ज्या कुस्तीचा निकाल आधीच ठरतो तिला आपण ‘नुरा कुस्ती’ म्हणतो. माहितीपटाची कसोटी मला या दोन शब्दांतच सापडते. प्रसंग जुळवून आणला होता का, हा प्रश्न दुय्यम. निकाल मोकळा होता का, हा खरा.

त्यात यंत्राची अडचण होती. त्या काळचा कॅमेरा तिकाटण्यावर एका जागी उभा, हाताने फिरवायचा आणि एका वेळी मिनिट-दोन मिनिटांचीच फीत. मल्ल खडाखडीतच तेवढा वेळ घालवतात. जत्रेच्या गर्दीत हे यंत्र घेऊन उभे राहिले असते तर चितपट होण्याआधीच फीत संपली असती. जागा आणि जोड ठरवून घेणे ही लबाडी नव्हती, कामाची गरज होती.

याच कसोटीवर त्यांच्या पुढच्या फिती लावून पाहाव्यात. डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजचे पहिले भारतीय सीनियर रँग्लर रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे मायदेशी परतले. तो प्रसंग सावेदादांनी टिपला. इथे काहीच लावलेले नव्हते. कॅमेरा नसता तरी मुर्डीचा हा मुलगा मुंबईत उतरलाच असता आणि लोक जमलेच असते. भारतीय वार्तापटाची सुरुवात अशी एका गणितज्ञाच्या स्वागताने झाली, याचे मला आजही अप्रूप वाटते.

१९०३ चा दिल्ली दरबार मात्र उलट्या जातीचा. सातव्या एडवर्डला सम्राट म्हणून जाहीर करण्यासाठी लॉर्ड कर्झनने तो भरवला. खुद्द सम्राट आलाच नाही. कोण कुठे बसणार, कोण कधी वाकणार, सारे आधीच ठरलेले. ही शुद्ध नुरा कुस्ती. इथे कॅमेऱ्याला फक्त हजेरी लावायची होती.

या तिन्ही फिती आज उपलब्ध नाहीत. त्यामुळे चौकटीची मांडणी, प्रकाश यांविषयी मी बोलू शकत नाही, कोणी बोलूही नये. पण विषयांची निवड उरली आहे, आणि निवड हेही दिग्दर्शकाचेच काम. दरबाराच्या चार वर्षे आधी, कोणाचा हुकूम नसताना, पहिले रीळ दोन मल्लांवर खर्च करावे असे या माणसाला वाटले.

पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले १९६४ मध्ये. सावेदादा १९५८ मध्येच गेले होते. ते नव्वदीपर्यंत जगले, पण त्यांची फीत जपणारी जागा त्यांच्या हयातीत उभी राहिली नाही. आज आर्णीला बाबा कंबलपोष यांच्या यात्रेत ज्याच्या-त्याच्या हाती कॅमेरा असतो. दरबार जपणारे पुष्कळ असतात. आपली कुस्ती कोणी जपायची, हा प्रश्न सावेदादांच्या वेळी होता तिथेच आहे.