नटीची कारकीर्द आणि नाट्यगृहाची इमारत

कन्नड आणि मराठी रंगभूमींच्या नात्याचा विषय निघाला, की आपल्याकडील व्याख्याता कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींपासून प्रारंभ करून 1843 सालच्या सांगलीच्या ‘सीतास्वयंवरा’वर येतो, तेथून गुर्लहोसूरच्या अण्णासाहेब किर्लोस्करांकडे वळतो आणि बालगंधर्वांच्या नावापाशी टाळ्या घेऊन खाली बसतो. हा इतिहास खरा आहे आणि तो सांगण्यास कोणाची हरकत असण्याचे कारण नाही. परंतु त्यात एक गैरसोय अशी, की तो जेथे थांबतो तेथून पुढे, म्हणजे आपल्या हयातीत, या दोन रंगभूमींमध्ये जी देवघेव झाली तिच्याकडे पाहण्यास व्याख्यात्याजवळ वेळच उरत नाही. या अलीकडच्या देवघेवीतील सर्वांत ठळक असामी म्हणजे बंगळूरच्या अरुंधती नाग. त्यांच्या कारकिर्दीचा विचार करू लागले, की तो विचार एका नटीपुरता राहत नाही. नटीने जगावे कशावर, आणि वाढावे कशावर, हा जुना आणि अद्याप न सुटलेला प्रश्न त्याच्या पाठोपाठ येतो.

अरुंधतीबाई माहेरच्या राव; त्यांचा जन्म 1956 मधला, दिल्लीचा. बालपणीच त्या मुंबईस आल्या आणि इप्टा या नाट्यसंस्थेच्या मंडळींत त्यांनी नाटकाचे धडे गिरवले. मराठी, गुजराती, हिंदी अशा तीन रंगभूमींवर एकाच वयात, एकाच उमेदीने वावरण्याची जी सोय त्या काळच्या मुंबईने तरुण नटनट्यांना दिली होती, ती आज त्या शहराजवळही उरलेली नाही. होन्नावरकडचे शंकर नाग त्या वेळी मुंबईच्या मराठी रंगभूमीवर धडपडत होते. त्यांची आणि अरुंधतीबाईंची ओळख तेथलीच. पुढे ‘ओंदानोंदु कालदल्ली’ या 1978 च्या चित्रपटाने शंकर नाग यांना कर्नाटकात नाव मिळवून दिले, विवाह झाला, आणि जिची भाषा मुळाक्षरापासून शिकावयाची होती अशा नगरीत अरुंधतीबाईंनी बिऱ्हाड केले.

नटाला परभाषेत जाणे म्हणजे काय, याची कल्पना गायकाला किंवा नर्तकाला सहसा येत नाही. शब्दांचा अर्थ महिन्याभरात कळतो, व्याकरण वर्षभरात साधते; परंतु वाक्यातील कोणत्या अक्षरावर श्वास सोडला असता समोरच्या प्रेक्षकाच्या पोटात कालवाकालव होते, हे ज्ञान मातृभाषिकाला जन्मतः मिळते आणि इतराला ते एकेका प्रयोगागणिक, हशा चुकवून आणि टाळी हुकवून मिळवावे लागते. अरुंधतीबाईंनी ते मिळवले. ‘संकेत’ या नाट्यसंस्थेने गिरीश कार्नाडांचे ‘अंजु मल्लिगे’ केले आणि जयवंत दळवींचे ‘संध्याछाया’ही कन्नडमध्ये आणले, या दोन्ही नाटकांत त्यांनी भूमिका केल्या. विजयाबाई मेहता आणि माधव वाटवे यांच्या प्रयोगाने मराठी प्रेक्षकाच्या मनावर कोरले गेलेले ते नाना-नानींचे रिकामे घर बंगळूरमध्ये कन्नड बोलू लागले, आणि तेथील मध्यमवर्गाला ते आपलेच वाटले, यात नवल नाही. ज्या शहरातील मुले विमानात बसून परदेशी जाण्याची लाट पुढे सर्वांत मोठी व्हावयाची होती, त्या शहराला दळवींनी ती वार्ता काही वर्षे आधीच कळवली होती, एवढेच.

ज्या रंगभूमीवर त्या गेल्या तिची घडण ध्यानात घेतली पाहिजे. कन्नडमध्ये धंदेवाईक नाटक मंडळ्यांची परंपरा मोठी. गुब्बी वीरण्णांची कंपनी तिचा मेरुमणी. वीरण्णांची नात बी. जयश्री याच कंपनीच्या कनातीत लहानाची मोठी झाली, दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्यविद्यालयात शिकून आली आणि 1976 मध्ये ‘स्पंदन’ ही स्वतःची संस्था काढून तिने आजोबांचे गाणे आणि नव्या रंगभूमीची शिस्त यांचा मेळ घातला. परंतु बंगळूर शहरात 1963 मध्ये रवींद्र कलाक्षेत्र उभे राहिले आणि पुढील दशकात ब. व. कारंतांनी ‘हयवदन’, ‘जोकुमारस्वामी’ यांसारख्या प्रयोगांनी जी क्रांती घडवली, ती सारी हौशी मंडळींच्या बळावर. दिवसा बँकेत, सरकारी कचेरीत किंवा एखाद्या सार्वजनिक कारखान्यात हजेरी लावावी आणि सायंकाळी तालमीस जावे, हा तेथील नटाचा शिरस्ता. पुरुषाला तो निभावता आला. स्त्रीला नोकरी, तालीम आणि घर अशी तिहेरी चाकरी करावी लागली, आणि त्यामुळे विवाहानंतर किंवा पहिल्या अपत्यानंतर किती गुणी नट्या रंगमंचावरून गुपचूप निवृत्त झाल्या याचे दप्तर कोणीही ठेवलेले नाही. समीक्षकाने तर नाहीच. तो आपला दिग्दर्शकांच्या नावांची माळ जपत बसला होता.

मग दूरचित्रवाणी आली. बंगळूरचे दूरदर्शन केंद्र 1981 चे. प्रारंभीचा काळ मोठा आशादायक होता, आणि त्या आशेचा कळस म्हणजे शंकर नागांनी दिग्दर्शित केलेली, 1986 पासून देशभर दिसलेली ‘मालगुडी डेज’. आर. के. नारायण यांचे कल्पित गाव शिमोगा जिल्ह्यातील आगुंबे येथे उभे करण्यात आले, आणि कन्नड रंगभूमीवरील नटांनी हिंदीतून ते साऱ्या देशाला दाखवले. स्वामीचे वडील गिरीश कार्नाड, आई वैशाली कासरवल्ली; अरुंधतीबाईही त्या मालिकेत आहेत. वैशालीबाईंची स्वामीची आई आज पुन्हा पाहावी. चेहऱ्यावर फारसे काही घडत नाही. मुलाच्या पाठीवरून हात फिरतो, नवऱ्याच्या आवाजाचा अंदाज घेत नजर दाराकडे जाते, आणि एवढ्यावर एका गृहिणीची अर्धी आयुष्यकथा सांगून होते. कॅमेऱ्यासमोर अभिनय कमी करावा लागतो, असे जे सांगतात ते पूर्ण सत्य नव्हे. तो कमी करावा लागत नाही, अधिक दाबून भरावा लागतो, आणि ही विद्या ज्यांच्या अंगी रंगमंचावरील संयमाने आधीच बाणलेली असते त्यांनाच ती चटकन साधते.

ते पर्व फार टिकले नाही. 1994 मध्ये उदय वाहिनी सुरू झाली, खासगी वाहिन्यांचा रतीब लागला, आणि आठवड्यातून एकदा भेटणारी मालिका रोज भेटू लागली. टी. एन. सीताराम यांच्या ‘मायामृग’सारखी, किंवा पुढे वैशाली कासरवल्लींनीच दिग्दर्शित केलेल्या ‘मूडल मने’सारखी उदाहरणे सोडली, तर या रोजच्या दळणाने नटीला पैसा दिला, प्रसिद्धी दिली, आणि त्याच्या बदल्यात तिची वाढ गहाण ठेवून घेतली. सकाळी हाती पडलेला कागद दुपारी बोलावयाचा, रात्री विसरावयाचा. रागाचा एक चेहरा, दुःखाचा एक, कपटाचा एक, असे तयार चेहरे हाताशी ठेवावयाचे. आणि भूमिकेचा शेवट काय होणार हे लेखकालाही ठाऊक नसल्यामुळे तिचा प्रारंभ कसा करावा याचा विचार करण्याची तसदी घ्यावयाची नाही. आपल्याकडील स्थिती याहून निराळी नाही. ठाण्याच्या घोडबंदर रस्त्यावर मालिकेचे चित्रीकरण आटोपून नाट्यगृहाकडे धावणाऱ्या आपल्या नट्यांना निदान धंदेवाईक नाटकाचा शनिवार-रविवार तरी आहे, हाच काय तो फरक. आणि त्या नाटकातही त्यांची निवड मालिकेतील मुखवट्यावरूनच झालेली असते.

30 सप्टेंबर 1990 रोजी दावणगेरेनजीक झालेल्या मोटार-अपघातात शंकर नाग गेले. वय पस्तीस. त्यांना शहरात एक नाट्यगृह हवे होते: लहान, स्वस्त आणि रोज उघडे. अरुंधतीबाईंनी तो मनोदय आपल्या शिरावर घेतला, आणि पुढील चौदा वर्षांचा काळ, जो कोणत्याही नटीच्या आयुष्यातील परिपक्वतेचा काळ असतो, तो त्यांनी विश्वस्त संस्था, सरकारी जागा, अर्ज, मंजुऱ्या, देणग्या आणि रदबदली यांत घातला. ऑक्टोबर 2004 मध्ये जे. पी. नगरात ‘रंगशंकर’ सुरू झाले. तीनशेहून थोड्या अधिक आसनांचे हे नाट्यगृह आहे. प्रेक्षक तीन बाजूंनी मंचाला भिडून बसतो, सोमवार सोडून रोज नाटक असते, आणि संस्थांना ते अल्प भाड्यात मिळते. आपल्या नगरपालिकांच्या नाट्यगृहांत लग्ने, सत्कार, शाळांची स्नेहसंमेलने आणि उरल्या तारखांत नाटक असा जो व्यवहार चालतो, त्याची सवय झालेल्या मराठी माणसाला हे प्रथम खरे वाटत नाही.

या काळात किंवा त्यानंतर त्यांनी अभिनय सोडला असे नव्हे. ‘दिल से’मध्ये त्या दिसल्या, 2005 च्या ‘जोगी’तील आई सबंध कर्नाटकाने डोक्यावर घेतली, 2009 च्या ‘पा’साठी साहाय्यक अभिनेत्रीचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले, संगीत नाटक अकादमीचा आणि पद्मश्रीचा मान आला. ब्रेख्तच्या ‘मदर करेज’च्या कन्नड अवतारातील प्रमुख भूमिकाही त्यांनी केली. तथापि ज्या एका भूमिकेवरून त्यांच्या कलेचा निर्णय करावा ती माझ्या मते कार्नाडांच्या ‘ओडकलु बिंब’ या नाटकातील मंजुळा नायक होय. हे नाटक 2005 मध्ये रंगशंकरमध्येच प्रथम झाले. दिग्दर्शन स्वतः कार्नाड आणि के. एम. चैतन्य यांचे.

कन्नडमध्ये कथा लिहिणारी ही प्राध्यापिका एका इंग्रजी कादंबरीमुळे जगप्रसिद्ध झाली आहे. दूरचित्रवाणीच्या कक्षात ती आपले निवेदन संपवते, निघू लागते, आणि पडद्यावरील तिची प्रतिमा मावळण्याऐवजी तशीच राहून तिलाच प्रश्न विचारू लागते. अपंग धाकटी बहीण, नवरा, ती कादंबरी खरोखर कोणाची, असे एकेक पापुद्रे सुटत जातात. रंगमंचावर नटी एकटीच. समोरचे पात्र तिचेच, परंतु आधी मुद्रित केलेले. यातील अडचण वरवर दिसते त्याहून बिकट आहे. जिवंत सहकलाकार हशाला थांबतो, खोकल्याला थांबतो, आपण चुकलो तर सावरून घेतो; यंत्रातील प्रतिमा कोणासाठीही थांबत नाही. तिच्या वेळेला आपली वेळ अचूक जुळवायची, आणि तरीही प्रत्येक उत्तर आत्ताच सुचले असे भासवायचे, म्हणजे ताल यंत्राचा आणि लय माणसाची. त्यातही पडद्यावरचा अभिनय कॅमेऱ्याच्या मापाचा, मंचावरचा शेवटच्या रांगेच्या मापाचा; दोन्ही एकाच देहाचे, एकाच वेळी, शेजारीशेजारी. नाटक मत्सराविषयी आणि भाषेच्या राजकारणाविषयी आहे असे पुष्कळांनी लिहिले, आणि ते आहेच. परंतु रंगमंच आणि दूरचित्रवाणी या दोन धन्यांची चाकरी करणाऱ्या प्रत्येक नटीचे ते चरित्रही आहे. तिची प्रतिमा तिच्याहून अधिक स्थिर, अधिक नीटनेटकी, अधिक लोकप्रिय असते आणि शेवटी तिच्यावरच हुकूम चालवते. अरुंधतीबाईंनी या द्वंद्वात प्रतिमेला थंड आणि माणसाला अधीर ठेवले, ही निवड मला फार मार्मिक वाटते.

त्यांच्या जोडीने उमाश्रींचे नाव घेतल्यावाचून हा आढावा पुरा होणार नाही. देवनूर महादेव यांच्या ‘ओडलाळ’मधील साकव्वा या म्हातारीला त्यांनी जो देह दिला, तो कन्नड रंगभूमीने विसरलेला नाही, गावात आलेल्या दूरचित्रवाणी संचाची कथा सांगणाऱ्या ‘गुलाबी टॉकीज’ या चित्रपटाने त्यांना राष्ट्रीय पारितोषिक दिले, मंत्रिपद भूषवून झाल्यावर त्या 2021 मध्ये ‘पुट्टक्कन मक्कळु’ या मालिकेत परतल्या आणि घराघरांत पुन्हा पोहोचल्या. म्हणजे एवढ्या थोर नटीलाही हुकमी प्रेक्षक मिळाला तो मालिकेतच. आणि बदामीजवळच्या बनशंकरीच्या जत्रेत महिनाभर तंबू ठोकून बसणाऱ्या कंपन्यांमधील नट्या, ज्या आजही केवळ नाटकावर पोट भरतात, त्यांच्याविषयी बंगळूरच्या इंग्रजी वृत्तपत्रांत क्वचितच अवाक्षर येते. त्यांचे नाटक रुचीला भडक वाटत असेल. पण ते त्यांना वेतन देते.

रंगशंकरविषयी माझी तक्रार येथेच आहे. त्या इमारतीने नाटकाला घर दिले, प्रेक्षकाला शिस्त दिली, मुलांना स्वतंत्र रंगभूमी दिली. नटीला मात्र नेमणूक दिली नाही. हेग्गोडूच्या नीनासम या नाट्यसंस्थेने 1985 पासून ‘तिरुगाट’ ही फिरती नाटक मंडळी काढून, आणि म्हैसूरच्या रंगायणाने पगारी नटसंच ठेवून, हे करता येते असे याच राज्यात दाखवलेले आहे. त्यात सरकारी नोकरीची सुस्ती शिरते हा आक्षेप खरा असला, तरी उपासमारीहून सुस्ती परवडली. बंगळूरसारख्या धनाढ्य शहरात बारा नटनट्यांना वर्षभर पोसणारा एक स्थायी संच रंगशंकरच्या आश्रयाने उभा राहिला असता, तर आज तिशीत असलेल्या नटीला मालिका हा एक पर्याय राहिला असता, नाइलाज नव्हे. ज्या बाईने एकटीने इमारत उभी केली तिच्याकडेच हेही मागणे अन्यायाचे आहे, हे मला मान्य आहे. हे मागणे शहराकडे आहे.

बंगळूरात राहणाऱ्या मराठी वाचकांनी, आपल्या मंडळाच्या गणेशोत्सवातील एकांकिकेपलीकडे, तेथील कन्नड नाटक पाहावे. भाषा न कळण्याची सबब दोन-तीन प्रयोगांत गळून पडते. जाताना रहदारीचा हिशेब करून लवकर निघावे. रंगशंकरमध्ये प्रयोग घड्याळाच्या ठोक्याला सुरू होतो, आणि दार लागल्यानंतर येणाऱ्यास, तो कितीही मोठा असो, आत घेत नाहीत.