बाबूराव पेंटर यांचे बहुकलत्व

‘कलामहर्षी’ या पदवीने बाबूराव पेंटर (१८९०–१९५४) यांचे मूल्यमापन सुकर झाले, असे म्हणता येत नाही. नाटकांचे पडदे रंगविणाऱ्या या कोल्हापुरी कलावंताने दामल्यांच्या साहाय्याने कॅमेरा घडविला, नेपथ्य उभारले, भित्तिपत्रके रंगविली. परंतु या साऱ्यांमागील दृष्टी एकच, चित्रकाराची. ‘सैरंध्री’त (१९२०) ती पौराणिक भव्यतेत रमली. ‘सावकारी पाशा’त (१९२५) मात्र तिने जमीन गमावून गिरणीची वाट धरणारा शेतकरी पाहिला, आणि तिचा खरा कस येथेच लागला. १९२९ मध्ये ‘प्रभात’ निघाली, तेव्हा शांतारामांनी दिग्दर्शन, फत्तेलालांनी कलायोजना, धायबरांनी छायालेखन व पुढे दामल्यांनी ध्वनिलेखन पत्करले. एकहाती विद्या चौघांत वाटली गेली. त्यांपैकी ध्वनी तेवढा गुरूकडून आलेला नव्हता.