सोसणारा चेहरा

अभिनय म्हणजे अश्रू, हातवारे आणि आवाजाचे चढउतार, अशी आपल्यापैकी पुष्कळांची समजूत असते. जी नटी अधिक रडून दाखवील तिला अधिक टाळ्या! फ्रेंच अभिनेत्री एमान्युएल रिव्हा हिचे काम पाहिले म्हणजे ही समजूत किती अपुरी आहे ते कळते. तिच्या दोन चित्रपटांत नायक तिला थप्पड मारतो. या दोन थपडांमध्ये ५३ वर्षांचे अंतर आहे, आणि माझ्या मते तिच्या कलेचे मर्म त्या दोन क्षणांतच सापडते.

रिव्हाचा जन्म २४ फेब्रुवारी १९२७ चा, पूर्व फ्रान्समधल्या व्होज भागातल्या एका खेड्यातला. शिवणकाम करणारी ही मुलगी नाटकाच्या ओढीने पॅरिसला आली. १९५८ साली दिग्दर्शक आलँ रेने यांनी तिला ‘हिरोशिमा मॉन आमूर’साठी जपानला नेले. चित्रपटातली फ्रेंच स्त्री आपल्या जपानी प्रियकराला तारुण्यातली एक कहाणी सांगते. नेव्हेर गावी एका जर्मन सैनिकावर तिने प्रेम केले. तो मारला गेला, गावाने तिचे केस कापले, आईबापांनी तिला तळघरात कोंडले. सांगता सांगता ती त्या तळघरात इतकी हरवते की भानावर आणण्यासाठी तो तिला थप्पड मारतो. आता ही उसळेल असे वाटते. पण रिव्हा शांत होते, दूरच्या प्रवासाहून घरी परतल्यासारखी. तिला दुःखापेक्षा दुःखाच्या विसराचे भय अधिक आहे, हे त्या चेहऱ्यावरून उमगते. मार्गरित द्यूरास यांचे काव्यमय संवाद काही ठिकाणी पाठांतरासारखे वाटतात, हे मान्य केले पाहिजे. पण ती गप्प झाली की तो दोष उरत नाही.

१९६२ च्या ‘तेरेझ देकेरू’त तिने पतीला विष देणारी स्त्री रंगविली. का दिले, याचे सरळ उत्तर तेरेझपाशी नाही, आणि रिव्हाही ते देत नाही. खलनायिका होण्याचा किंवा कीव मिळविण्याचा सोपा मार्ग ती पत्करीत नाही. या भूमिकेसाठी व्हेनिसच्या महोत्सवात तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. पुढे मात्र नावाचा गाजावाजा ओसरला. १९९३ च्या किश्लॉव्स्कीकृत ‘तीन रंग : निळा’ या चित्रपटात ती थोडाच वेळ दिसते. ती वृद्धाश्रमातली आई आहे, आणि पोटच्या मुलीला ती आपली बहीण समजते. विसराला भिणारी ती स्त्री आता विसरून बसली आहे, असे वाटून जीव चरकतो.

मग २०१२ साली मिखाएल हानेके यांचा ‘आमूर’ आला. अर्धांगाने खिळलेली संगीतशिक्षिका ॲन आणि तिची शुश्रूषा करणारा वृद्ध पती. ती पाणी गिळायला तयार नाही, तोंडातले थुंकून टाकते, आणि हतबल झालेला पती तिला थप्पड मारतो. रिव्हा रडत नाही. फक्त त्याच्याकडे पाहते. पहिल्या थपडेने ती माघारी आली होती. या वेळी ती यायला तयार नाही. त्या नजरेत राग किती आणि क्षमा किती, हे ठरविण्याचे काम ती आपल्यावर सोपविते. तो पती मग क्षमा मागतो, आणि आपणही मनातल्या मनात आपल्या घरातल्या कुणा म्हाताऱ्या माणसाची क्षमा मागू लागतो.

या भूमिकेसाठी ८५ व्या वर्षी तिला ऑस्करचे नामांकन मिळाले. २४ फेब्रुवारी २०१३ रोजी, तिच्या ८६ व्या वाढदिवशीच, समारंभ झाला. पारितोषिक २२ वर्षांच्या जेनिफर लॉरेन्सला गेले. २७ जानेवारी २०१७ रोजी रिव्हा निवर्तली.

चित्रीकरणाच्या वेळी हिरोशिमात हिंडून तिने आपल्या कॅमेऱ्याने तिथल्या माणसांची, मुलांची छायाचित्रे टिपली होती. अर्ध्या शतकानंतर ती पुस्तकरूपाने निघाली. स्वतः दिसण्याआधी दुसऱ्याला निरखून पाहणारी नटी विरळा. तिचा चेहरा इतके सोसू शकला, ते बहुधा या पाहण्याच्याच बळावर.