न ऐकू येणारे व्हायोलिन

वादकाचे दुःख सांगायला आपल्या बोलपटांना आठ-दहा गाणी आणि एक खोकल्याचे दुखणे लागते. चार्ली चॅप्लिनने ते १९१६ साली ‘द व्हॅगाबाँड’ या दोन रिळांच्या मूकपटात एक सूरही न ऐकवता सांगून टाकले.

चार्ली गुत्त्याबाहेर व्हायोलिन वाजवतोय. तेवढ्यात दुसऱ्या दाराशी एक बँडपथक येऊन फुंकू लागते. बँडपुढे व्हायोलिनची काय कथा! मग हा पठ्ठ्या टोपी घेऊन सरळ आत जातो आणि बँडवाल्यांच्या श्रमाचे पैसे स्वतः गोळा करतो. आमच्या बँकेत याला दुसऱ्याची रक्कम आपल्या खात्यात वळवणे म्हणतात आणि त्यावर चौकशी बसते. इथे नुसती पळापळ होते. संगीतातला हा रोकड व्यवहार इतका स्वच्छ मांडलेला मी तरी दुसरीकडे पाहिला नाही.

पुढचा प्रसंग तर अव्वल. जिप्सींच्या तांड्यात राबणारी एक पोरगी (एडना पर्व्हायन्स) कपडे धुतेय. चार्ली वाजवू लागतो आणि लय वाढेल तसे तिचे हात टबात भराभरा चालू लागतात. म्हणजे द्रुत लय आपल्याला धुण्यात दिसते! गज डाव्या हातात आहे बरं का. चॅप्लिन डावखुरा होता, ताराही उलट्या लावून घ्यायचा आणि खरोखर वाजवायचा.

माझी तक्रार आहे ती यानंतरची. मध्येच एक चित्रकार उपटतो, पोरीचे चित्र काढतो. ते प्रदर्शनात लागते आणि त्यातल्या जन्मखुणेवरून तिची श्रीमंत आई तिला ओळखते. पोरगीही चित्रकारावर भाळलेली. कथा इथे भाबडी होते, ते एक वेळ सोडा. पण मूकपटात वादकासमोर चित्रकार उभा करणे हा सरळसरळ अन्याय आहे. त्याचे काम आपल्याला दिसते. याचे सूर कुणी ऐकलेत? व्हाउचरच नाही, तर बिल पास व्हायचे कसे? शेवटी मोटार मागे वळते आणि पोरगी चार्लीला घेऊन जाते खरी. पण ती वळते माणसासाठी, वादकासाठी नव्हे.

पुढे बोलपट आल्यावर १९३१च्या ‘सिटी लाइट्स’ला चॅप्लिनने स्वतःच संगीत दिले. संवाद मात्र तेव्हाही दिले नाहीत.