आकाशनगरीचे विवाहगीत : पूर्वज आणि सारथी

विधिगीत हा कुणा एका व्यक्तीच्या भावनेचा उद्गार नसतो. विवाह, राज्यारोहण, नगरस्थापना अशा प्रसंगी समूहाला जे घडवून आणावयाचे असते, ते गाऊन सिद्ध करणे हे त्याचे कार्य होय. म्हणूनच विधिगीताचा अर्थ केवळ त्यातील प्रतिमांत शोधून चालत नाही. ते गाणारा समूह कोण आणि कशाला संमती देत आहे, हेही पाहावे लागते. हा समूहच काल्पनिक असेल तर समीक्षेपुढे वेगळा प्रश्न उभा राहतो. ज्या संस्कृतीला भूतकाळच नाही, तिचे विधिगीत कोणत्या स्मृतीतून येते? अ‍ॅरिस्टोफेनिसच्या ‘पक्षी’ या सुखात्मिकेच्या अखेरीस येणारे विवाहगीत या दृष्टीने तपासण्याजोगे आहे.

इ. स. पूर्व 414 मध्ये अथेन्सच्या डायोनिसस-उत्सवात हे नाटक सादर झाले व स्पर्धेत दुसरे आले. आदल्याच वर्षी अथेन्सचे आरमार सिसिलीच्या मोहिमेवर निघाले होते. नाटकात कोर्टकज्ज्यांना विटलेले दोन अथेन्सवासी पक्ष्यांच्या आश्रयाला जातात. त्यांपैकी पिसेतायरोस हा वाक्‌चतुर गृहस्थ पक्ष्यांना पटवून देतो, की आकाशात तटबंदीचे नगर उभारले आणि यज्ञाचा धूर वर जाऊ दिला नाही, तर उपाशी देव शरण येतील. अशी ही मेघ-कोकिळनगरी वसते. भारतीय तत्त्वचिंतनात ‘गंधर्वनगर’ मिथ्यात्वाचा दृष्टान्त म्हणून येते. ही आकाशनगरी मात्र विरून जात नाही. उलट पुरोहित, भविष्यवेत्ता, भूमापक मेटन, निरीक्षक आणि कायदेविक्रेता यांची तेथे रीघ लागते.

याच रांगेत एक कवी येतो. नगराचे नुकतेच बारसे झालेले असताना तो आपण या नगरीची स्तोत्रे फार पूर्वीपासून गात असल्याचे सांगतो. हा प्रसंग विनोदी खराच, परंतु त्यात एक मार्मिक निरीक्षण दडलेले आहे. येथे संस्कृतीच्या आधी तिचे गीत तयार आहे. नव्या सत्तेला लागणारी प्राचीनता शब्दांतूनच पुरवली जाते, आणि हा पुरवठा करणारा कवी मोबदल्यात अंगावरचे वस्त्र मागतो. अखेरच्या विवाहगीताकडे वळताना हा कवी विसरून चालणार नाही.

नाटकाच्या मध्यावर पक्ष्यांचा गायकवृंद प्रेक्षकांना विश्वोत्पत्तीची कथा ऐकवतो. तीत रात्र नराच्या संयोगाविना एक अंडे घालते. त्यातून सुवर्णपंखी इरॉस जन्मतो आणि इरॉसपासून पक्षिकुळ. देव त्यानंतरचे. म्हणजे पक्षी देवांहून ज्येष्ठ ठरतात आणि इरॉस त्यांचा मूळपुरुष. पिसेतायरोस झ्यूसच्या राजदंडासह बसिलेइआ या मूर्तिमंत राजसत्तेला वधू म्हणून मिळवतो, तेव्हा हाच गायकवृंद विवाहगीत गातो. त्यात पूर्वाधार म्हणून झ्यूस आणि हेरा यांच्या विवाहाचे स्मरण केले जाते. येथे सुवर्णपंखी इरॉस पुन्हा अवतरतो, पण झ्यूसच्या रथाचे लगाम हाती धरलेला सारथी म्हणून.

या गीताचे मर्म या पुनरावृत्तीत आहे. तेथे इरॉसला लावलेल्या विशेषणाला ग्रीक विधिव्यवहारात ‘ज्याचे आईवडील दोघेही हयात आहेत असा मुलगा’ असा अर्थ होता. असा मुलगा विवाहविधीत शुभ मानला जाई. पक्ष्यांच्या उत्पत्तिकथेतला इरॉस तर पित्याविना जन्मलेला. आपल्या पूर्वजाला दुसऱ्याच्या कुलपरंपरेत बसवून, त्याला त्या घरच्या वऱ्हाडात उभे करून, पक्षी स्वतःचीच वंशकथा गाता गाता विसरतात. आकाशवासीयांच्या मंगलगीतात आकाशवासीयांची स्मृती उरत नाही.

यावर आक्षेप घेता येईल, की सुखात्मिकेचा शेवट विवाहाने व्हावा हा संकेतच आहे. त्यात एवढा अन्वयार्थ कशासाठी? परंतु याच नाटककाराच्या इ. स. पूर्व 421 मधील ‘शांती’शी तुलना केल्यास संकेतामधला भेद ध्यानी येतो. तेथेही विवाहगीत आहे, मात्र वधू ओपोरा म्हणजे फळांचा हंगाम आहे आणि मागणे धान्याचे, अंजिरांचे. ‘पक्षी’मध्ये वधू वज्राची राखणदारीण आहे, नवरदेव पक्ष्यांच्या गाण्यावर प्रसन्न होऊन मेघगर्जना आणि विजेचेही स्तवन करावयास सांगतो. ते होतेही. सुफलतेचे गीत येथे शस्त्राचे स्तोत्र बनते.

त्याआधीच्या प्रवेशात लोकसत्तेविरुद्ध उठल्याचा ठपका असलेले पक्षी भाजले जात असतात, आणि हे मांस विवाहासाठी वेळेवर कापले गेले, असे नाटकातच बोलले जाते. गाणाऱ्यांपैकी कोणीही त्यांची आठवण काढत नाही. काढणार तरी कशी? विवाहगीताच्या घाटात प्रश्नाला जागाच नसते.

म्हणून हे नाटक निव्वळ स्वप्नरंजन ठरवणारे वाचन आणि सिसिलीच्या मोहिमेचे रूपक ठरवणारे वाचन, ही दोन्ही अपुरी वाटतात. पहिले भाजलेले पक्षी विसरते. दुसरे गीतातला आनंद खोटा मानते. तो आनंद खोटा नाही. त्याचे संगीत आज उपलब्ध नसले, तरी ध्रुपदाच्या आवर्तनातून उल्हासाची लय अजूनही जाणवते. अ‍ॅरिस्टोफेनिसचे सामर्थ्य हेच, की तो गीताला आतून पोखरत नाही. ते पूर्ण सुरात गाऊ देतो आणि पूर्वजाचा सारथी झाल्याचे त्या सुरातच ऐकू येऊ देतो. समूह आपली संमती नाइलाजाने देतो असे नव्हे. तो ती नाचत, गात देतो.