लक्ष्य, लक्षण आणि श्रवण : संस्थात्मक संगीत-शिक्षणाच्या तत्त्वविचाराची एक चिकित्सा

प्रस्तावना

हिंदुस्थानी संगीताच्या शिक्षणाविषयी महाराष्ट्रात जी चर्चा होत आली आहे, ती बहुधा एकाच द्वंद्वाभोवती फिरताना दिसते. एका बाजूस गुरु-शिष्य परंपरा आणि दुसऱ्या बाजूस विद्यालय, अभ्यासक्रम व परीक्षा. पहिली कलावंत घडविते आणि दुसरी पदवीधर, असा निष्कर्ष काढून बहुतेक चर्चासत्रांची सांगता होते. हा निष्कर्ष सोयीचा आहे, कारण तो मान्य केला की महाविद्यालयीन संगीत विभागाकडून फारशी अपेक्षा करण्याचे कारण उरत नाही. प्रस्तुत लेखात हे द्वंद्वच तपासून पाहण्याचा प्रयत्न केला आहे. संस्थात्मक शिक्षणाचे दोन प्रमुख प्रवर्तक, पं. विष्णु दिगंबर पलुस्कर (१८७२-१९३१) आणि पं. विष्णु नारायण भातखंडे (१८६०-१९३६), यांच्या शिक्षणविचारात श्रवणाला जे मध्यवर्ती स्थान होते ते पुढील परीक्षापद्धतीत हरवले, आणि आजच्या शिक्षणाचे दौर्बल्य संस्था असण्यात नसून या हरवण्यात आहे, असे येथे प्रतिपादन करावयाचे आहे.

विद्यालयातील गुरुकुल

पलुस्करांनी ५ मे १९०१ रोजी लाहोर येथे गांधर्व महाविद्यालयाची स्थापना केली. मिरजेस बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडे ग्वाल्हेर गायकीची कसून तालीम घेतलेला हा गायक दरबाराच्या आश्रयाऐवजी लोकवर्गणी, जलसे आणि शुल्क यांवर शाळा चालवितो, ही त्या काळी नवलाची गोष्ट होती. त्यांनी क्रमिक पुस्तके लिहिली, स्वतःची स्वरलेखन पद्धती सिद्ध केली, वर्ग आणि इयत्ता पाडल्या. या सर्व गोष्टी आपण त्यांच्या कार्याचे सार म्हणून शिकवितो.

तथापि याच विद्यालयात ‘उपदेशक वर्ग’ही होता, याकडे पुरेसे लक्ष दिले जात नाही. या वर्गाचे विद्यार्थी अनेक वर्षांच्या करारावर गुरूपाशी राहत, त्यांच्याबरोबर प्रवास करीत, मैफलीत मागे तंबोऱ्यावर बसत आणि लहान विद्यार्थ्यांना शिकवीत. ओंकारनाथ ठाकूर, विनायकराव पटवर्धन, नारायणराव व्यास, बी. आर. देवधर ही नामावली याच विद्यालयाच्या छायेत घडली. म्हणजे पलुस्करांनी गुरुकुल मोडून शाळा काढली असे म्हणता येत नाही. त्यांनी एका छपराखाली दोन प्रकारचे शिक्षण ठेवले होते : समाजात जाणकार श्रोता निर्माण करणारे सार्वत्रिक शिक्षण आणि कलावंत-शिक्षक निर्माण करणारे निवासी शिक्षण. तानसेन घडोत न घडोत, कानसेन घडले पाहिजेत, हा विचार त्यांच्या नावाने सांगितला जातो तो या दृष्टीने अर्थपूर्ण ठरतो. त्यांच्या मृत्यूनंतर १९३१ मध्येच अहमदाबाद येथे गांधर्व महाविद्यालय मंडळाची स्थापना झाली आणि पुढे प्रारंभिक ते अलंकार अशी परीक्षांची शिडी देशभर पसरली. शिडी पसरली, निवासी वर्ग मात्र तिच्याबरोबर पसरू शकला नाही.

संवादाची प्रश्नोत्तरे

भातखंडे यांचे उदाहरण अधिक बोलके आहे. व्यवसायाने वकील असलेल्या या अभ्यासकाने मुंबईच्या गायन उत्तेजक मंडळीत संगीताचे धडे घेतले, १९०४ मध्ये दक्षिणेचा प्रवास केला, पुढे ठिकठिकाणच्या उस्तादांकडून बंदिशी मिळविल्या आणि सहा भागांच्या क्रमिक पुस्तक मालिकेतून त्या सर्वांसाठी खुल्या केल्या. बडोदे येथे १९१६ मध्ये भरलेली पहिली अखिल भारतीय संगीत परिषद आणि लखनौ येथे १९२६ मध्ये सुरू झालेले मॅरिस कॉलेज ही त्यांच्या प्रयत्नांची दृश्य फळे होत. दहा थाटांचे वर्गीकरण, वादी-संवादी, रागाचा समय ही परिभाषा आज कोणत्याही प्रश्नपत्रिकेत आढळते, ती प्रामुख्याने त्यांच्यामुळेच.

परंतु त्यांच्या ग्रंथांचे स्वरूप पाहिले तर वेगळेच चित्र समोर येते. ‘चतुर पंडित’ या नावाने लिहिलेल्या त्यांच्या संस्कृत ग्रंथाच्या शीर्षकातच ‘लक्ष्यसंगीत’ हा शब्द आहे. लक्ष्य म्हणजे प्रत्यक्ष प्रचारात असलेले, कानाला ऐकू येणारे गायन, आणि लक्षण म्हणजे त्याविषयीचा नियम. प्राचीन ग्रंथांतील लक्षणे आजच्या लक्ष्याशी जुळत नाहीत, म्हणून लक्ष्य प्रमाण मानून लक्षणे नव्याने बांधावयाची, हा त्यांचा मूलभूत पवित्रा होता. मराठीत चार भागांत लिहिलेली ‘हिंदुस्थानी संगीत पद्धति’ तर गुरु आणि शिष्य यांच्या संवादाच्या रूपात आहे. शिष्य शंका काढतात, गुरु मतभेद मांडतात, अमुक घराण्यात राग निराळा गाइला जातो हे सांगतात. नियम तेथे चर्चेच्या ओघात, अपवादांसह येतो.

अभ्यासक्रमाने या ग्रंथाचे काय केले? त्यातील उत्तरे उचलली आणि शिष्यांच्या शंका वगळल्या. गुरूने मतभेदासह सांगितलेले निरीक्षण ‘रागाचे शास्त्रीय वर्णन’ या शीर्षकाखाली पाच गुणांचे पाठांतर झाले. जो लक्षणकार लक्ष्याच्या मागे चालत होता, त्याच्याच नावावर आपण लक्षण पुढे आणि लक्ष्य मागे अशी वरात काढली. भातखंडे यांच्यावर ‘पुस्तकी’ असल्याचा आरोप आजही केला जातो. वस्तुतः तो आरोप त्यांच्या पुस्तकांपेक्षा त्या पुस्तकांच्या आपल्या वाचनावर अधिक लागू पडतो.

लक्षणाची मर्यादा

हा केवळ इतिहासाचा मुद्दा नाही. भूप आणि देशकार ही परिचित जोडी घेऊ. दोहोंत सा, रे, ग, प, ध हेच पाच शुद्ध स्वर. भूप कल्याण थाटाचा, वादी गंधार, समय रात्रीचा पहिला प्रहर. देशकार बिलावल थाटाचा, वादी धैवत, समय सकाळचा. एवढे लिहिणाऱ्या विद्यार्थ्यास पूर्ण गुण मिळतात. पण एखाद्या गायकाने धैवत जरा अधिक वेळ धरला तर भूपाचा देशकार केव्हा होऊ लागतो, गंधारावर न्यास केल्याने काय सावरते, उत्तरांगातून खाली येताना सूर कसा लावावा, हे त्या उत्तरात नाही. ते कळण्यासाठी दोन्ही राग अनेकवार ऐकलेले असावे लागतात आणि आपण गाताना चुकलो तर त्या क्षणी थांबविणारे कोणी समोर असावे लागते.

दरबारी कानड्यातील आंदोलित गंधाराचेही तसेच. भातखंडे पद्धतीत कोमल स्वराखाली आडवी रेघ देतात. ती रेघ स्वर कोमल आहे एवढे सांगते. तो किती उतरलेला आणि कोणत्या गतीने डोलणारा, हे ती सांगू शकत नाही. हा स्वरलेखनाचा दोष नव्हे. स्वरलेखन ही स्मरणाची सोय आहे, आणि ज्याने तो गंधार ऐकला आहे त्यालाच ती उपयोगी पडते. श्रवणाशिवाय वापरलेले स्वरलेखन म्हणजे न पाहिलेल्या गावाचा नकाशा होय.

संस्थेवरील आक्षेप आणि त्याची दुसरी बाजू

संस्थात्मक संगीत-शिक्षणावरील अलीकडच्या समीक्षेत जानकी बाखले यांच्या ‘टू मेन अँड म्यूझिक’ (२००५) या ग्रंथाचा उल्लेख आवश्यक आहे. राष्ट्रवाद आणि धार्मिकता यांच्या प्रभावाखाली संगीताचे जे आधुनिकीकरण झाले, त्यात मुस्लिम उस्तादांचे स्थान कसे आकसत गेले, हे त्यांनी साधार दाखविले आहे. ज्यांच्याकडून विद्या घेतली त्यांनाच अशास्त्रीय ठरविण्याची वृत्ती आपल्या पाठ्यपुस्तकांत आजही डोकावते, हे नाकारता येणार नाही. मात्र त्याच ग्रंथात चर्चिलेले अब्दुल करीम खाँ यांचे उदाहरण आपल्या द्वंद्वाला छेद देते. किराणा घराण्याच्या या थोर गायकाने स्वतः आर्य संगीत विद्यालय चालविले. म्हणजे संस्था ही केवळ घराण्याबाहेरच्या सुधारकांची कल्पना नव्हती.

देवधरांचे उदाहरणही याच दिशेचे आहे. पलुस्करांच्या या शिष्याने मुंबईत १९२५ मध्ये स्कूल ऑफ इंडियन म्यूझिक सुरू केले. तेथे अनेक घराण्यांचे कलावंत येत, गात आणि विद्यार्थ्यांना ते ऐकावयास मिळत. बालवयात तेथे आलेले कुमार गंधर्व याच वातावरणात वाढले. घराण्याच्या चौकटी ओलांडणारी विसाव्या शतकातील एक अत्यंत स्वतंत्र गायकी एका शाळेच्या आवारात अंकुरली, हे लक्षात घेतले तर ‘शाळेतून कलावंत निघत नाहीत’ हे विधान टिकत नाही. त्या शाळेत ऐकण्याची संधी विपुल होती, हेच तिचे वैशिष्ट्य होय.

गुरु-शिष्य परंपरेचे गुणगान करताना तिचे दरवाजे किती जणांना बंद होते, हेही आठवावे लागते. जन्म, जात, लिंग, गुरूची मर्जी आणि विद्या राखून ठेवण्याची वृत्ती यांमुळे असंख्य इच्छुक उंबऱ्याबाहेर राहिले. तालुक्याच्या गावी एखादी गृहिणी विशारद होते, ही परीक्षापद्धतीची देणगी आहे. ती नाकारून मागे जाण्याचा मार्ग इष्टही नाही आणि शक्यही नाही.

पाश्चात्त्य तत्त्वविचाराचा संदर्भ

संगीत-शिक्षणाच्या पाश्चात्त्य तत्त्वज्ञानात बेनेट रायमर यांनी १९७० मध्ये सौंदर्यानुभवाला केंद्रस्थानी ठेवणारी भूमिका मांडली. कलाकृतीचा आस्वाद घेता येणे हे तिचे साध्य. डेव्हिड एलियट यांनी १९९५ मध्ये तिला विरोध करून संगीत ही मुळात माणसे करीत असलेली कृती आहे, अशी कृतिप्रधान भूमिका घेतली. आपल्याकडील ‘शास्त्र’ आणि ‘क्रियात्मक’ ही विभागणी या वादाशी जोडण्याचा मोह होतो. परंतु आपली अडचण निराळी आहे. आपल्या शास्त्राच्या प्रश्नपत्रिकेत आस्वाद नसतो आणि क्रियात्मक परीक्षेत बहुधा बसविलेल्या बंदिशीचे पुनःकथन असते. म्हणजे आपण आस्वादवादीही नाही आणि कृतिवादीही नाही. रागसंगीतात गाणे आणि ऐकणे ही दोन कामे वेगळी करताच येत नाहीत, कारण गायक गाताना स्वतःला आणि संगतकाराला ऐकतच पुढची जागा घेत असतो. ‘लक्ष्य’ या संकल्पनेत कृती आणि श्रवण दोन्ही सामावतात. म्हणून आपल्या तत्त्वविचाराचा आरंभ या शब्दापासून होणे अधिक सयुक्तिक वाटते.

श्रेयांक आणि वेळेचे गणित

राष्ट्रीय शैक्षणिक धोरण २०२० नंतर संगीत हा विषय अन्य शाखांतील विद्यार्थ्यांनाही खुला होत आहे. नव्या श्रेयांक चौकटीत प्रात्यक्षिकाच्या एका श्रेयांकास सत्रात ३० तास धरले जातात. चार श्रेयांकांचे १२० तास झाले. वर्गात २० विद्यार्थी असतील आणि सर्व वेळ एकेकाने गाण्यासाठी दिला, तरीही प्रत्येकाच्या वाट्याला सहा तास येतात. तत्त्वज्ञानाचा प्रश्न येथे वेळापत्रकाचा प्रश्न बनतो. सत्रात सहा तास ऐकला गेलेला विद्यार्थी रागाविषयी काय जाणतो, असे आपण प्रमाणपत्रावर लिहून देत आहोत?

यावर उपाय नाहीत असे नाही. एक गात असताना उरलेल्या एकोणीस जणांना काय ऐकावयाचे हे नेमून दिले, तर तोच वेळ सर्वांचा होतो. लेखी परीक्षेत रागवर्णनाऐवजी एकाच रागाची दोन ध्वनिमुद्रणे ऐकवून भेद लिहावयास सांगता येईल. शास्त्राच्या तासाला भातखंडे यांच्या संवादाप्रमाणे विद्यार्थ्याने शंका मांडावी आणि त्या शंकेलाही गुण असावेत. स्थानिक कलावंतांना मार्गदर्शक म्हणून निमंत्रित करण्याची मुभा धोरणाने दिली आहे; तिचा उपयोग वार्षिक समारंभापुरता न करता नियमित बैठकीसाठी करता येईल.

समारोप

संस्था की गुरु, हा प्रश्न पलुस्करांनी विद्यालयात गुरुकुल वसवून आणि भातखंडे यांनी पुस्तकात गुरु-शिष्य बसवून आपल्या परीने सोडविला होता. आपण त्यांच्याकडून इयत्ता आणि व्याख्या घेतल्या. जे शिक्षण विद्यार्थ्याला ऐकावयास लावते आणि त्याला ऐकून घेते, ते कोठेही घडो, ते संगीत-शिक्षण होय. यापुढे कोणत्याही अभ्यासमंडळासमोर नवा आराखडा येईल, तेव्हा त्यात किती राग आहेत हे मोजण्याआधी त्यात विद्यार्थी किती वेळ ऐकणार आहे आणि किती वेळ ऐकला जाणार आहे, हे विचारले जावे, एवढीच अपेक्षा आहे.