साठ टक्के कशाचे? सीमा तापडिया आणि हरू न शकणारं गृहीतक

‘इंडियन मॅचमेकिंग’ तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी बघितलं असेल. २०२० मध्ये नेटफ्लिक्सवर आलं, तीन सीझन झाले आणि मुंबईच्या सीमा तापडिया घरोघरी माहीत झाल्या. मुंबई-दिल्लीतल्या, अमेरिकेतल्या मुलामुलींचं जमत का नाही, यावर त्यांचं उत्तर ठरलेलं: अपेक्षा फार, तडजोडीची तयारी नाही. साठ-सत्तर टक्के जुळलं की पुढे जावं.

बाईंना माणसांचा अनुभव आहे, हे मान्य. पण हेच विधान तुमच्या सिनॉप्सिसमध्ये असतं तर?

एक, साठ टक्के कशाचे? पगार, उंची, जात, स्वभाव यांना किती-किती गुण? कसं मोजलं ते न सांगता दिलेली टक्केवारी म्हणजे नुसतं मत.

दोन, ह्यूस्टनच्या वकील अपर्णा शेवक्रमानी यांचं जमलं नाही, तर त्या हट्टी. जमलं असतं तर सल्ला बरोबर. मग सल्ला चुकला असं कधी म्हणायचं?

तीन, कार्यक्रम कारण फक्त माणसात शोधतो. आमच्या धाराशिवशेजारी सोलापुरात डिसेंबर २०२२ मध्ये लग्नाळू पोरांनी बाशिंग बांधून, घोड्यावर बसून कलेक्टर कचेरीवर मोर्चा काढला. प्रश्न तोच, लग्न जमत नाही. पण त्यांनी बोट ठेवलं ते मुलींच्या घटलेल्या संख्येवर.

इथेही घाई नको. महाराष्ट्रात २०११ च्या जनगणनेत शून्य ते सहा वयोगटात हजार मुलांमागे ८९४ मुली होत्या, हा आकडा लगेच सापडतो. पण ती पोरं तेव्हा शाळा-कॉलेजात होती! लग्नाला आलेल्यांसाठी २००१ चा आकडा बघावा लागतो: ९१३. शिवाय ‘मुलगा नोकरीवालाच हवा’ हेही आहेच. म्हणजे हे स्पष्टीकरण अपुरं असू शकतं. फरक एवढाच, की ते तपासता येतं. मुली जिथे जास्त घटल्या, त्या जिल्ह्यांत बिनलग्नाचे पुरुष जास्त दिसले नाहीत, तर ते पडलं.

कांदेपोह्यांनंतर नकार आला की आमच्याकडेही दोष पोराच्या नाहीतर पोरीच्या माथी मारतात. चुकीचं कारण धरलं की भोगतो भलताच माणूस.

आज एवढंच करा. स्वतःचं गृहीतक काढा आणि त्याखाली एक ओळ लिहा: काय दिसलं तर मी हे सोडून देईन? ती ओळ सुचत नसेल, तर गाईडकडे जायच्या आधी अजून काम बाकी आहे.